निजती जुळणी

नीट लागलेल्या तारा मी बिघडवल्या, आणि मग शाबासकीची वाट पाहत बसले. मूर्खपणा माझ्या हातून पुष्कळ झाला, पण इतक्या ऐटीत केलेला दुसरा आठवत नाही. त्या पोरीचा मला अजून राग येतो. ती पोरगी मीच, म्हणून तिला दोन थोबाडीत देता येत नाहीत, एवढंच. आणि तिच्याइतकाच राग येतो तो ज्यांनी तिला एका शब्दानं काही सांगितलं नव्हतं त्यांचा. नातवंडं म्हणतात, आजी, एवढ्या वर्षांनी कशाला चिडतेस? मी म्हणते, तेव्हा सून होते, चिडायची सोय नव्हती. आता चिडते.

दुसरी लढाई सुरू व्हायच्या आधीची गोष्ट. लग्न होऊन मी रिसोडहून जऊळक्याजवळच्या आमच्या गावी आले ती वाजवायची पेटी घेऊन. माझे वडील दिवसभर अडतीत बसत आणि संध्याकाळी भजनात. त्यांनी हौसेनं मला पेटी शिकवली होती. म्हणजे काय, तर दोन आरत्या, थोडी भजनं आणि सारेगम एकदा वर, एकदा खाली. तेवढ्यावर मी स्वतःला गाण्यातली जाणकार समजत असे. सासरी पेटीचं स्वागत असं झालं, की सासूबाईंनी तिच्यावर लोणच्याची बरणी ठेवली. आम्ही त्यांना आत्याबाई म्हणायचो. "उंची बराबर हाये वो, पोरी," म्हणाल्या. मी रुसले. कितीतरी दिवस रुसून राहिले. पण घरात कुणाच्या ते लक्षातच आलं नाही, तेव्हा कंटाळून माझा मीच रुसवा सोडला.

त्या घरात वाद्य आधीपासून होतं. माझ्या सासऱ्यांचे थोरले भाऊ चौतारी वाजवत. त्यांना मी मोठे मामाजी म्हणत असे. एक भला मोठा वाळका भोपळा, त्याला सागाची दांडी, वर चार खुंट्या आणि चार तारा. दिसायला भजनातल्या वीणेची बहीण, पण वीणा नुसता सूर धरून बसते, ही बोलायची. मोठ्या मामाजींचा अंगठा जाड तारेवर सारखा घुमत राही आणि पहिलं बोट बारक्या तारांवरून चाल काढत जाई. डोळे मिटून ऐकलं तर ओसरीत दोन माणसं वाजवतायत असं वाटे.

तिचं सगळं गुपित ढिल्या तारांत होतं. इतर लोक तार आवळून सूर काढतात, हे लोक तार सोडून सूर काढत. तारा लावायच्या त्यांच्या घरात तीन रीती चालत आल्या होत्या, त्यांना ते जुळण्या म्हणत. उभी, बैठी आणि निजती. उभीत तारा जरा ताणलेल्या, बैठीत सैल, आणि निजतीत इतक्या ढिल्या की तार बोटाखाली लोळायची. पहिल्या दोन जुळण्या मोठे मामाजी शिकवत. निजती त्यांनी अजून कुणालाच दिली नव्हती, कुणाच्या देखत वाजवलीही नव्हती. वाजवून झालं की ते चारही तारा पार मोकळ्या करून टाकत, मग दुसऱ्या कुणाला कळायला मार्गच नाही.

स्वभावानं म्हणाल तर त्यांच्यासारखा फुशारका माणूस मी पाहिला नाही. "माह्यासारखा वाजवनारा वऱ्हाडात झाला नाही," असं ते जेवताना म्हणत. एकदा माझे घरधनी म्हणाले, "कोन म्हनते, बाबा?" तर म्हणाले, "म्हनजे? मी म्हनून राह्यलो, आयकू नाही आलं का?" ऐकू त्यांनाच येत नव्हतं. हिवतापात कोयनेलच्या गोळ्या खाऊन खाऊन कान गेले होते, आणि उरलेलं दर पावसाळ्यात थोडं थोडं जात होतं. तारा लावताना ते चौतारीच्या दांडीला दात लावून बसत. दांडीतून दातात, दातातून डोक्यात सूर जातो म्हणे. नवी नवरी असताना पहिल्यांदा मी ते पाहिलं आणि आत जाऊन आत्याबाईंना सांगितलं, की मामाजी चौतारी खाऊन राह्यले.

शिष्य मात्र गळत चालले होते. आसपासच्या गावांत पेटीची भजनी मंडळं निघाली होती. त्यांच्या मास्तरांचं म्हणणं पडलं, की बुवांची चौतारी बेसूर आहे, पेटीत बसत नाही. झालं! गावोगाव तेच एक वाक्य. चौतारी पेटीत बसत नाही. अरे बाबांनो, पेटी चौतारीत बसते का, हे एकानं तरी विचारलं? पेटीची पट्टी दाबली की सूर तयार निघतो, त्यात वाजवणाऱ्यानं काय लावलं? भाता हलवला! आणि तो भाता हलवणाऱ्यांनी, ज्यानं जन्मभर दात झिजवून सूर लावला त्याला बेसूर ठरवलं. मी हे आज बोलते हं. तेव्हा मी त्या मास्तरांच्याच बाजूची होते, आणि मनातल्या मनात मान डोलवत होते.

सगळे गेले, राहिला एक. शेलूबाजारचा शिंपी. चांगला बापया माणूस, मिशीत पांढरे केस आलेला, लेकराबाळांचा. कधी पायी, कधी कुणाच्या बैलगाडीवर बसून तो यायचा, एखादी रात्र राहायचा आणि बोलणी खाऊन जायचा. त्याच्याकडे स्वतःची चौतारी होती. उभी आणि बैठी त्यानं मिळवली होती, आणि कितीतरी वर्षं तो निजतीसाठी येरझाऱ्या घालत होता. शेवटी मोठे मामाजी कबूल झाले. कान पुरते जायच्या आत दिली पाहिजे, नाहीतर ती त्यांच्याबरोबर जाणार, हे त्यांनाही कळत होतं. तसं ते तोंडानं मात्र म्हणाले नाहीत. म्हणाले, "ये म्हना, पाहू."

आता जुळणी द्यायची रीत ऐका. जुळणी तोंडानं सांगायची नाही, समोर बसून दाखवायची नाही. गुरूनं सकाळी तारा लावायच्या, चौतारी घोंगडीवर आडवी ठेवायची, वर धुतलेला पंचा झाकायचा आणि गावाबाहेर निघून जायचं. शिष्यानं यायचं, पंचा काढायचा, एकट्यानं बसायचं आणि कानानं जेवढं घेता येईल तेवढं घ्यायचं. घेऊन झालं की तारा मोकळ्या करून निघून जायचं. महिन्याभरानं नारळ घेऊन यायचं आणि गुरूला वाजवून दाखवायचं. एका माणसाला एक जुळणी एकदाच.

घरातल्या गड्यापर्यंत सगळ्यांना हे ठाऊक होतं. सुनेला नव्हतं. सुनेला कोणत्या रांजणाला हात लावायचा नाही ते पहिल्या दिवशी सांगतात, पदर कुणासमोर किती ओढायचा ते सांगतात, मीठ कोणत्या कोनाड्यात ते सांगतात. हे सांगावं असं कुणालाच वाटलं नाही, कारण बाईमाणसाला चौतारीशी काय करायचंय!

तो दिवस कापूस वेचणीचा होता. सगळं घर शेतात. माझ्या तळपायात बाभळीचा काटा मोडला होता म्हणून मला घरी ठेवलं होतं. सकाळभर मोठे मामाजी ओसरीत दांडीला दात लावून बसले होते. एरवी तारा लावायला त्यांना एवढा वेळ लागत नसे. खुंटी एवढीशी फिरवायची, थांबायचं, परत फिरवायची. मग त्यांनी चौतारी झाकली, पागोटं घातलं आणि जऊळक्याच्या टेशनाकडे निघून गेले. गाडी पाहायची त्यांना हौस होती.

मी लंगडत ओसरीत आले आणि पंचा उचलला. तारांवरून बोट फिरवलं. अगं माय! म्हशीनं झोपेत उसासे टाकावेत तसे चार आवाज आले. मला इतकं हसू लोटलं, की भिंत धरावी लागली. मग हसू ओसरलं आणि दया आली. म्हटलं, म्हाताऱ्याचे कान गेले, एवढा वेळ बसला आणि हे असं लावलं बिचाऱ्यानं. आता तो शिंपी येईल, ऐकेल आणि गावभर सांगेल. घराची अब्रू माझ्या हातात आहे! लोणच्याची बरणी खाली उतरवली, पेटी ओढत आणली, एकेक पट्टी दाबून सूर ऐकला आणि त्यावर चारही खुंट्या पिळल्या. सा, प, सा, सा. तारा कशा टणटणीत झाल्या. बोट लावलं की शाळेतल्या पोरांसारख्या एका सुरात बोलायच्या. पंचा परत नीट झाकला, त्याच्या चुण्याही काढल्या.

दुपारी शिंपी आला. मी दाराआडून पाण्याचा गडवा सरकवला. त्यानं चौतारीला नमस्कार केला, पंचा काढला आणि वाजवायला लागला. आधी जरा थबकला, तेवढं मी पाहिलं. पण गुरूनं लावलेली जुळणी, शंका कशी घेणार? उन्हं कलेपर्यंत वाजवत बसला. मग तारा मोकळ्या केल्या, दाराकडे हात जोडले आणि गेला. सांजच्याला मोठे मामाजी आले, मोकळ्या तारा पाहिल्या आणि कधी नाही ते चटणीला नाव न ठेवता जेवले. मी वाढताना पुढंमागं करत होते. म्हटलं, आता शिंपी सांगेल तेव्हा कळेल, सून काय चीज आहे ते.

त्यानंतरचे कितीतरी दिवस मी त्या म्हशीच्या उसाशांवर काढले. घरधन्यांना मी ते चार आवाज नाक दाबून, गाल फुगवून काढून दाखवले, तर पाणी पिता पिता त्यांना ठसका लागला. मग रोजचंच झालं. पहाटे जात्यावर बसले की ओवी राहायची बाजूला आणि मी आपली तेच चार आवाज काढत दळायची. आत्याबाई अंथरुणातून ओरडायच्या, "काय रेकून राह्यली वो, दळन लवकर आटप!"

महिना झाला आणि शिंपी नारळ घेऊन आला. स्वतःची चौतारी पाठीला बांधून आला होता. चेहरा उजळलेला, आणि ओसरीवर पाय ठेवायच्या आधीच त्यानं बोलायला सुरुवात केली.

"बुवा, शेलूच्या सप्त्यात वाजवली! पेटीवाले मास्तर सोता उठून आले अन् म्हनले, आता कशी पेटीत बसली!"

"काय म्हनले?" मोठ्या मामाजींनी कानामागं हात धरला.

"पेटीत बसली म्हनले!" शिंपी ओरडला.

मोठ्या मामाजींनी शिंप्याला समोर बसवलं, स्वतः पुढं वाकून त्याच्या चौतारीच्या दांडीला दात लावले आणि हातानं खूण केली, वाजव. शिंप्यानं चारच तारा छेडल्या असतील. मोठ्या मामाजींनी तोंड बाजूला केलं.

"हे निजती नोहे. हे उभीहून ताठ हाये. कोठून आनली?"

"तुमच्याच ओसरीतून, बुवा."

"माह्या ओसरीतून का मास्तराच्या? निजती घेतली अन् त्याच्या पेटीपाई पिळून टाकली. असंच नाव कमावनारा होता तं एवढे वर्स जोडे कायले झिजवले?"

"माह्या लेकरायची आन, बुवा! जशी लागेल होती तशीच—"

"लेकरं घरी ठेव. नारळ उचल अन् निंघ."

मी आत परातीत ज्वारीचं पीठ मळत होते. खोटं कशाला सांगू, पहिला विचार आला तो गप्प बसायचा. शिंपी काय आज आहे, उद्या नाही. मला याच घरात जन्म काढायचाय. पण तो बापया माणूस नारळ उचलायला वाकला आणि त्याला तो उचलताच येईना. मी पिठाच्या हातांनीच पदर ओढला आणि उंबऱ्यावर आले.

"मामाजी, त्या तारा म्या आवळल्या."

त्यांना ऐकू आलं नाही. कबुली एकदा देतानाच जीव जातो, मला ती ओरडून ओरडून द्यावी लागली. शेवटी त्यांना कळली तेव्हा शेजारच्या दोन्ही घरांनाही कळली होती.

"काहून?" एवढंच म्हणाले.

"पेटीत बसत नव्हत्या," मी म्हटलं. दुसरं काय सांगणार होते?

 मला वाटलं आता मामाजी काठी घेतील. त्यापेक्षा वाईट झालं. शिंपी हळूच म्हणाला, "मंग एकडाव पुन्हा लावून द्या ना, बुवा. मी बसतो ओसरीत. कोनी येऊ नका म्हना."

"देल्ली एकडाव. दुसऱ्यांदा देत नसतात."

तेव्हा माझं डोकं फिरलं. चूक माझी होती, कबूल. पण ही कुठली रीत? ज्यानं वर्षानुवर्षं पायपीट केली, त्याच्या पदरात सुनेच्या मूर्खपणानं खोटा माल पडला, तरी रीत म्हणजे रीत! कुणी घातली होती ती? ज्यांना वाटत होतं आपले कान कधी जाणारच नाहीत, त्यांनी. मी थोरल्या सासऱ्याच्या तोंडावर ओरडले, "मंग घेऊन जा आपल्यासंगं वरती! तठी कोनाले आयकवाल?"

"तोंड आवर वो!" आत्याबाई आतून कडाडल्या.

मोठ्या मामाजींना यावेळी मात्र पहिल्या झटक्यात ऐकू गेलं. त्यांनी भिंतीवरची आपली चौतारी उतरवली, दांडीला दात लावले आणि तारा लावायला घेतल्या. आम्ही पाहत राहिलो. खुंटी पुढं, खुंटी मागं. एक तार लागली असं वाटलं की दुसरी सोडताना पहिली त्यांच्या हातून सुटे. कपाळावर घाम आला. मग त्यांनी दांडीवरून तोंड उचललं, दांडीवरची थुंकी पंच्यानं पुसली आणि शिंप्याकडे न बघता म्हणाले, "त्या रोजी लागली होती. आता नाही लागत मले."

वऱ्हाडात माझ्यासारखा झाला नाही म्हणणारा माणूस हे बोलला. 

आणि आत्याबाई, ज्यांना चौतारीतलं ओ की ठो कळत नव्हतं, आतून वैतागून म्हणाल्या, "अवो, थे रोज जात्यावर रेकतं ना तू? म्हशीवानी! थे याच भोपयाचं होय ना? मंग म्हनून दाखव ना त्याइले!"

मेले मी. थट्टेनं काढलेले आवाज, आणि ज्यांची थट्टा त्यांच्याच पुढं काढायचे! पण शिंपी माझ्याकडे पाहायला लागला, तहानलेल्यानं पाणी मागताना पाहावं तसा. मी डोळे मिटले, गाल फुगवले आणि काढला पहिला उसासा. शिंप्यानं पटकन मामाजींची चौतारी मांडीवर घेतली आणि खुंटी सोडत सोडत तार त्या आवाजावर आणली. मामाजींनी दांडीला दात लावले. त्यांची मान किंचित हलली. दुसरा आवाज. तिसरा. माझं हसू कुठल्या कुठे पळालं होतं. ज्याला मी म्हैस म्हणत होते ते शिंप्याच्या हाताखाली घुमायला लागलं, तेव्हा पहिल्यांदा मला ऐकू आलं, की हे बेसूर नाही, हे माझ्या पेटीत नाही एवढंच. पेटीत नाही ते सगळं बेसूर, असं मला कुणी शिकवलं होतं? मी स्वतःच!

चौथ्या तारेशी अडलं. "चौथी मी वाढवून काढत होती," मी कबूल केलं. "घरधन्याइले हसू यावं म्हून त्यात रेडकू घातलं होतं."

मग आम्ही तिघं भांडत बसलो. मी म्हणे अजून खाली, शिंपी म्हणे आता निसटन, मामाजी दांडीवरचे दात न उचलताच हातानं सांगत वर, वर, नाही, खाली. उन्हं अंगणातून सरकली, परातीतलं पीठ वाळून गेलं, आत्याबाईंनी दोनदा शिव्या दिल्या. कधीतरी मामाजींनी हात वर केला आणि आम्ही थांबलो. ती चौथी तार होती तिथंच लागली, का म्हातारा दमला, ते देवाला माहीत. आता कुणी शहाणा येतो, ऐकतो आणि म्हणतो, वा, पिढ्यान्‌पिढ्या जशीच्या तशी चालत आलेली! जशीच्या तशी? त्यात एक शिंपी आहे, एक वाळलेली परात आहे आणि एक रेडकू आहे. फुकटच्या भक्तीनं बोलणाऱ्यांचा मला पेटीवाल्यांपेक्षा जास्त राग येतो. पेटीवाल्यांनी निदान ऐकून नावं ठेवली, हे न ऐकता पाया पडतात.

शिंप्यानं निजती वाजवली. मग ती आपल्या चौतारीवर उतरवून घेतली. त्यानं पुढं ती शेलूबाजारात दुकानात बसणाऱ्या ज्याला त्याला शिकवली, समोर बसवून, तोंडानं सांगून, चुकलं तर परत सांगून. रीत त्यानं तिथल्या तिथं मोडली, बरं केलं.

तो तारा उतरवून घेत होता तेव्हा मी आत जायला निघाले. भाकरी व्हायच्या होत्या. मोठ्या मामाजींनी आपली चौतारी उचलली आणि माझ्यापुढं धरली. मी हात पदरामागं नेले. ओसरीत परका पुरुष बसलेला, आत आत्याबाई, शेजारणी भिंतीवरून डोकावून राहिलेल्या. आमच्या घरात कोण्या बाईनं चौतारी मांडीवर घेतलेली कुणी पाहिली नव्हती.

"मामाजी," मी मोठ्यानं विचारलं, "मी वाजवू? बाईच्या जातीनं हिले हात लावलेला चालते का?"

ते म्हणाले, "बिघडवतानी कोनाले इचारलं होतं का? मंग वाजवतानी काहून इचारून राह्यली?"